टेम्पररी कामगार आणि कंपनीची 'पुनर्रचना' : राजीनाम्यावर सही करावी का?

हिंगणारोड | ११ जून २०२४, रात्री १०:४०

नमस्कार मंडळी. चार वर्षांपासून इथं नुसता वाचून राहिलो, लिहायची वेळ आज आली.

हिंगणा एमआयडीसीतल्या एका कंपनीत पॅकिंग-डिस्पॅचला आहे. कंपनीचं नाव लिहीत नाही. जुलै २०१८ मध्ये लागलो, टेम्पररी. दर सात महिन्यांनी कागद संपतो, दोन-तीन दिवस घरी बसवतात, मग नवा कागद. आम्ही त्याला 'ब्रेक' म्हणतो. पगार कंपनीच्या खात्यातून येतो, पीएफ आणि ईएसआयसी कंपनीच्याच नावानं कापल्या जाते.

मागच्या गुरुवारी आम्हा ३४ टेम्पररी लोकांना कॅन्टीनमध्ये बोलावलं. समोसा-चहा होता, तेव्हाच मला शंका आली. म्हणाले, रिस्ट्रक्चरिंग होऊन राहिलं. पॅकिंग, डिस्पॅच आणि स्टोअर एकत्र करून कंत्राटदाराकडे देणार. 'कोणाची नोकरी जाणार नाही. फक्त इथला राजीनामा द्या आणि एक तारखेपासून त्यांच्या रोलवर या.' काम तेच, मशीन तेच, सुपरवायझरही तोच. वरून २५,००० रुपये 'सद्भावना रक्कम'. राजीनामा टाइप करून तयार ठेवला आहे, 'वैयक्तिक कारणास्तव' असं लिहिलेला. आपण फक्त सही करायची, तारीखही तेच टाकतील. मुदत ३० जून.

बेसिक-डीए १३,०००, सगळं धरून १५,६००. कायम आणि टेम्पररी मिळून कंपनीत ९० च्या आसपास माणसं.

घरी दोन पार्ट्या झाल्या. बाबा म्हणतात, टेम्पररीले कायचा हक्क, पैसे घे अन् गप बस. बायको म्हणते, ज्या कागदावर तारीख टाकू देत नाहीत त्यावर सही करायची नाही. जाणकारांनी सांगावं. खरंच काही हक्क असतो का?

---

तर्रीबाज | ११ जून, रात्री १०:५२

३४ जणांना एकाच दिवशी वैयक्तिक कारण! हिंगण्यात साथ आली का काय बाप्पा?

---

बुटीबोरी_लोकल | ११ जून, रात्री ११:१५

सही नको करू भौ. २०१९ मध्ये मी अशीच केली होती. आमच्याकडे तर सद्भावनाही नव्हती, नुसती सही होती. चौदा महिन्यांनी कंत्राटदार बदलला, नव्यानं जॉइनिंग. मग अजून एक आला. आज माझी साडेसात वर्षं झाली आहेत आणि कागदावर मी दीड वर्षाचा आहे. माझ्या पोरापेक्षा लहान.

ग्रॅच्युइटी मागाले गेलो तं कंपनी म्हणे आमच्याकडे पाच वर्षं भरली नाहीत, पहिला कंत्राटदार म्हणे माझ्याकडेही नाही. दुसऱ्याचा फोनच लागत नाही.

---

अकरा_ते_सात | १२ जून, सकाळी ८:०५

तुमच्या बायकोला नमस्कार सांगा. अर्धा धागा तिनं आधीच सोडवला आहे.

---

एचआर_तेरा_वर्षं | १२ जून, सकाळी ९:३०

दुसरी बाजू मांडते, दगड मारू नका.

मी एचआरमध्ये आहे (या कंपनीत नाही). दर वेळी मालक खलनायकच असतो असं नाही. पॅकिंगचं काम वर्षभर सारखं नसतं. ऑर्डर कमी झाली की कायम माणसांचा पगार निघणंही अवघड होतं. 'तुमची गरज नाही, उद्यापासून येऊ नका' असं म्हणणाऱ्या कंपन्या मी पाहिल्या आहेत. इथं निदान काम चालू राहतंय. भांडलात आणि ब्रेकनंतर नवा कागदच दिला नाही तर? कराराची मुदत संपली आणि तो वाढवला नाही, तर कायद्यानं ती कपात, म्हणजे कामावरून कमी करणं, धरली जात नाही. औद्योगिक विवाद कायद्यात १९८४ साली ही तरतूद आली आहे. आमच्या खात्यात हे सगळ्यांना तोंडपाठ असतं.

आणि कामगार न्यायालयात किती वर्षं जातात ते इथल्या कोणीतरी प्रामाणिकपणे सांगावं.

---

काळाकोट_सिव्हिललाईन्स | १२ जून, दुपारी २:२०

जेवणाच्या सुट्टीत लिहितोय, तुकडे पडतील.

पहिलं म्हणजे टेम्पररी हा शब्द फार फसवा आहे. तीन वेगवेगळ्या माणसांना आपण तो एकच शब्द लावतो. कंपनीच्या मस्टरवर, म्हणजे हजेरीपटावर, असलेला तात्पुरता, कंत्राटदाराच्या मस्टरवर असलेला, आणि ठरावीक मुदतीच्या करारावरचा. तिघांचे हक्क वेगळे. धागाकर्ते आज पहिल्या खोलीत बसले आहेत आणि त्यांना राजीनाम्याच्या दारातून दुसऱ्या खोलीत जायला सांगताहेत. दुसऱ्या खोलीत गेल्यावर पहिलीचं दार आतून बंद होतं, ते कसं हे खाली सांगतो.

आज काय आहे? औद्योगिक विवाद कायदा १९४७ 'कायम' आणि 'तात्पुरता' असा भेद कपातीच्या बाबतीत करत नाही. तो विचारतो की मागच्या बारा महिन्यांत २४० दिवस भरले का. भरले असतील तर कलम २५-एफ लागू. एक महिन्याची लेखी नोटीस किंवा तेवढा पगार, आणि प्रत्येक वर्षाच्या नोकरीसाठी पंधरा दिवसांचा सरासरी पगार. वर सहा महिन्यांपेक्षा जास्त तुकडा उरला तर तोही पूर्ण वर्ष. हे पैसे कपातीच्या वेळीच हातात पडायला हवेत, 'नंतर बघू' चालत नाही. कपात करताना त्या वर्गातला सगळ्यात शेवटी आलेला आधी जातो (२५-जी), आणि पुन्हा भरती निघाली तर काढलेल्यांना आधी विचारायचं (२५-एच).

आता हिशेब करा. पगार १५,६००, पंधरा दिवसांचे साधारण ७,८००. नोकरी पाच वर्षं अकरा महिने, म्हणजे सहा. ४६,८०० भरपाई. नोटिशीचे १५,६००. ग्रॅच्युइटी वेगळी, तिचं सूत्र बेसिक-डीए भागिले २६ गुणिले १५ गुणिले वर्षं. १३,००० ला २६ नं भागा, ५००. पंधरा दिवसांचे ७,५००, सहा वर्षांचे ४५,०००. एकूण १,०७,४००. रजेचे आणि बोनसचे अजून धरलेच नाहीत.

आणि सद्भावना किती? २५,०००.

म्हणूनच तो कागद राजीनाम्याचा आहे. कंपनीनं काढलं तर कपात, तुम्ही सोडलं तर 'वैयक्तिक कारण'. ग्रॅच्युइटी राजीनामा दिला तरी मिळते, पाच वर्षं झाली आहेत. पण बाकीचे साठ-बासष्ट हजार त्या एका ओळीत बुडतात. तारीख कोरी का ठेवतात तेही विचारा.

(कोर्ट सुरू झालं. पुढचं रात्री.)

---

तर्रीबाज | १२ जून, दुपारी २:३१

पॉपकॉर्न नाही, सांबारवडी घेऊन बसलोय. रात्रीचा भाग चुकवू नका.

---

हिंगणारोड | १२ जून, संध्याकाळी ७:१०

काळाकोट सर, हात जोडून आभार. हिशेब शिफ्टमध्ये दोघांना दाखवला, तिसऱ्यानं व्हॉट्सॲपवर टाकला, आता ३४ जणांकडे आहे. एक प्रश्न. ते ब्रेक? आणि लॉकडाऊनमध्ये दोन-अडीच महिने प्लांट बंद होता, ते वर्ष धरतील का?

---

जुना_मिलवाला | १२ जून, रात्री ८:४५

'रिस्ट्रक्चरिंग' शब्द ऐकला की मला हसू येतं. माझे वडील एम्प्रेस मिलमध्ये होते. जमशेटजी टाटांनी १८७७ मध्ये सुरू केलेली ती मिल, आख्खं नागपूर तिच्या भोंग्यावर उठायचं. तिथं 'बदली' कामगार असायचे. सकाळी गेटवर जाऊन उभं राहायचं. कायम माणूस आला नाही तर तुम्ही आत, आला तर घरी परत. वडील तीन वर्षं बदली होते. आई सांगायची, डबा रोज भरायची, पण तो कधी साच्यावर, म्हणजे मागावर, खाल्ला जायचा, कधी गांधीसागरच्या काठावर.

तेव्हा 'रॅशनलायझेशन' म्हणायचे. एका माणसानं दोन साचे चालवायचे. शब्द बदलत गेले, गेटवर उभा राहणारा तोच. आज त्या जागेवर मॉल आहे आणि त्या मॉलमध्येही कंत्राटी पोरंच उभी असतात, गणवेश तेवढा चांगला.

---

काळाकोट_सिव्हिललाईन्स | १२ जून, रात्री १०:००

काका, तुमचा तो शब्द कायद्याच्या चौथ्या परिशिष्टात अजूनही बसलेला आहे. रॅशनलायझेशन करून माणसं कमी होणार असतील तर कलम ९-ए प्रमाणे आधी २१ दिवसांची नोटीस. धागाकर्ते, अशी नोटीस बोर्डावर लागली होती का ते बघा. समोसा म्हणजे नोटीस नव्हे.

ब्रेकबद्दल. २४० दिवस सलग नकोत, बारा महिन्यांत मिळून हवेत. दोन-तीन दिवसांच्या ब्रेकनं काही बिघडत नाही. साप्ताहिक सुट्ट्या आणि पगारी सुट्ट्याही मोजायच्या, हे सर्वोच्च न्यायालयानं १९८५ मध्ये अमेरिकन एक्स्प्रेस बँकेच्या खटल्यात सांगितलं आहे. लॉकडाऊनचे ७५ दिवस पूर्ण सोडून दिले तरी ३६५ मधून २९० उरतात.

मात्र २४० दिवस भरल्याचं सिद्ध करायचं काम कामगाराचं. नुसतं प्रतिज्ञापत्र पुरत नाही, २००२ पासून हे पक्कं आहे. मस्टर कंपनीकडे, मग तुमच्याकडे काय? ईएसआयसीच्या पोर्टलवर लॉगिन करा. तिथं दर महिन्याला किती दिवसांच्या पगारावर वर्गणी भरली ते दिवसांसकट दिसतं, आणि ते कंपनीनं स्वतः भरलेलं असतं. त्याची प्रिंट, पीएफ पासबुक, बँकेचं स्टेटमेंट, गेटपासचे फोटो, जुने सात-सात महिन्यांचे सगळे कागद. आजच. पुढच्या आठवड्यात गेटपास परत मागतील.

एचआर ताईंच्या १९८४ च्या मुद्द्याबद्दल. तरतूद आहे, खरी आहे. पण काम बारमाही असताना सहा वर्षं त्याच माणसाला त्याच जागेवर कागद बदलून ठेवलं, तर न्यायालय त्या कराराला मुखवटा म्हणू शकतं. शिवाय महाराष्ट्रात आपल्याकडे १९७१ चा कायदा आहे, ज्याला सगळे 'यूएलपी' म्हणतात. त्याच्या चौथ्या परिशिष्टातली सहावी बाब अशी, की बदली, कॅज्युअल किंवा टेम्पररी कामगारांना कायमपणाच्या लाभांपासून वंचित ठेवण्यासाठी वर्षानुवर्षं तसंच ठेवणं ही अनुचित प्रथा. आदर्श स्थायी आदेशात, म्हणजे कारखान्यांच्या नमुना सेवाशर्तींत, टेम्पररीला बारा महिन्यांत २४० दिवसांनंतर कायम करण्याचं कलमही आहे. तक्रारीची मुदत ९० दिवस.

आणि हेच ते बंद होणारं दार. सिप्ला आणि कल्याणी स्टीलच्या खटल्यांत २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की कंत्राटदाराच्या कामगाराचं कंपनीशी नातं आधी सिद्ध झालेलं नसेल तर यूएलपीची तक्रार चालत नाही. म्हणजे आज तुम्ही तक्रार करू शकता. एक जुलैला कंत्राटदाराच्या रोलवर गेलात की आधी 'माझा खरा मालक कोण' हाच खटला लढायचा. त्यात किती वर्षं जातात ते एचआर ताईंना ठाऊक आहे.

---

एचआर_तेरा_वर्षं | १२ जून, रात्री १०:२५

ठाऊक आहे, म्हणूनच विचारलं होतं. तुम्ही आकडा दिला नाहीत.

---

काळाकोट_सिव्हिललाईन्स | १२ जून, रात्री १०:४०

माझ्याकडचा सगळ्यात जुना चालू खटला एका टेम्पररी ऑपरेटरचा आहे. अकरावं वर्ष. त्याची मुलगी दहावीला होती, आता तिचं लग्न झालं. प्रामाणिक उत्तर हे आहे. आणि जिंकल्यावरही हल्ली परत कामावर घेण्यापेक्षा एकरकमी भरपाई देण्याकडे कल असतो.

पण सगळ्या गोष्टी कोर्टात जात नाहीत. सिव्हिल लाईन्सला कामगार आयुक्तांच्या कार्यालयात अर्ज गेला की समेट अधिकारी दोघांना बोलावतो. बऱ्याच कंपन्या तिथंच शहाण्या होतात, कारण कायद्यात लिहिलेले पैसे आणि सद्भावना यातला फरक अधिकाऱ्यासमोर बोलून दाखवायला लाज वाटते.

---

सदरची_सिस्टर | १३ जून, सकाळी ६:५०

नाईट करून आले, झोपायच्या आधी लिहिते. आम्ही सरकारी योजनेतल्या कंत्राटी नर्स. अकरा महिन्यांचा करार, एक दिवस ब्रेक. तुमच्याकडे निदान २४० दिवस तरी आहेत. आम्ही विचारलं की 'उमादेवी' म्हणतात. आधी वाटलं कोणी मॅडम आहेत. मग कळलं, २००६ चा निकाल आहे, सरकारी खात्यात भरतीप्रक्रियेशिवाय घेतलेल्यांना कायमपणाचा हक्क नाही.

दर डिसेंबरला हिवाळी अधिवेशन आलं की आम्ही यशवंत स्टेडियमवर जमतो, मॉरिस कॉलेज टी पॉइंटला पोलीस अडवतात, एक मंत्री निवेदन घेतो, फोटो होतो, आणि आम्ही संत्र्याची गोळी खात घरी. यंदाही जाणार. घरी बसून काय मिळणार आहे?

एक उपयोगाचं सांगते, कारण इथं बायकाही वाचत असतील. माझ्या मैत्रिणीला सांगितलं, तुझा करार पाचव्या महिन्यात संपतो, मग बाळंतपणाची रजा त्या तारखेपर्यंतच. तसं नाही. मागच्या बारा महिन्यांत ८० दिवस काम झालं असेल तर हक्क आहे, आणि करार मध्येच संपला तरी लाभ पूर्ण मिळायला हवा, असं ऑगस्ट २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं डॉ. कविता यादव यांच्या खटल्यात सांगितलं. तिनं निकालाची प्रत जोडून अर्ज दिला. मिळाली.

---

मिहानमधला_मी | १३ जून, सकाळी ११:००

आयटीवाल्यांना हे लागू आहे का? आमच्याकडे दोनशे जणांना 'बेंच', म्हणजे सध्या प्रोजेक्ट नाही, म्हणून... म्हणजे मी घाबरलेलो नाही, सहज विचारतोय.

---

तर्रीबाज | १३ जून, सकाळी ११:०४

सहज विचारणाऱ्याचा आवाज कापून राहिला बे.

---

काळाकोट_सिव्हिललाईन्स | १३ जून, दुपारी १:५०

मिहानवाले, कायदा पदाचं नाव बघत नाही, प्रत्यक्ष काम बघतो. तांत्रिक काम करणारा 'कामगार' असू शकतो, व्यवस्थापन करणारा नसतो. हाताखाली माणसं आहेत आणि त्यांच्या रजा तुम्ही मंजूर करता, तर तुमची बाजू कठीण. नवीन धागा काढा, इथं गर्दी होईल.

---

स्प्रेडशीट_शास्त्री | १३ जून, दुपारी ३:३५

एक आकडा कोणाच्या लक्षात आला नाही वाटतं. ३४.

कंत्राटी कामगारांचा १९७० चा कायदा मुळात २० माणसांपासून लागू होता. महाराष्ट्रानं दुरुस्ती करून २०१७ पासून ती मर्यादा ५० केली. म्हणजे ३४ माणसं घेणाऱ्या कंत्राटदाराला त्या कायद्याखाली परवाना नको, आणि कंत्राटदारानं पगार बुडवला तर मूळ मालकानं द्यावा हे त्या कायद्यातलं कलमही हातातून जातं. कंपनीनं हे ठरवून केलं असेल असं मी म्हणत नाही. पण त्यांच्या सल्लागाराला २० आणि ५० मधला फरक कळत नसेल असंही मी म्हणणार नाही.

---

एचआर_तेरा_वर्षं | १३ जून, संध्याकाळी ५:१५

हे बरोबर आहे. हे मला आधी लिहायला हवं होतं.

सही न करणाऱ्यांसाठी एक सांगते, हे माझ्या खुर्चीच्या विरोधात आहे. तोंडी 'नाही' म्हणू नका. दोन ओळींचं पत्र द्या, की अमुक तारखेला आम्हाला तयार राजीनाम्यावर सही करायला सांगितलं, आमची राजीनामा द्यायची इच्छा नाही, आम्ही कामावर यायला तयार आहोत. रजिस्टर एडीनं. एक प्रत सरकारी कामगार अधिकाऱ्याला. आणि एकेकट्यानं नाही. आमच्या खात्यात ३४ सह्यांचं पत्र आलं की फाइल वरच्या मजल्यावर जाते, एका सहीचं आलं की शेजारच्या टेबलावर राहते.

कोणी दडपणाखाली सही करून आला असेल तर त्यानं दुसऱ्याच दिवशी लेखी कळवावं. सहा महिन्यांनी 'जबरदस्ती होती' म्हटलेलं टिकत नाही, पुरावा त्यालाच द्यावा लागतो.

---

बुटीबोरी_लोकल | १३ जून, संध्याकाळी ५:४०

मॅडम, तुम्ही २०१९ मध्ये कुठं होता?

---

नवा_पोऱ्या | १३ जून, रात्री ९:००

कंपनीच विकली गेली तर? आमच्या इथं चर्चा आहे. मालक बदलला तर आमची वर्षं शून्यापासून का?

---

काळाकोट_सिव्हिललाईन्स | १३ जून, रात्री ९:३०

२५-एफएफ. नव्या मालकानं नोकरी अखंड धरली, अटी पूर्वीपेक्षा वाईट केल्या नाहीत, आणि पुढे कपात झाली तर जुनी वर्षं धरून भरपाई द्यायचं मान्य केलं, तर तुमची साखळी चालू. तिन्हीपैकी एक जरी तुटलं तर कपात समजून भरपाई घ्यायची. पण तो कारखान्याची मालकी बदलण्याचा मामला. धागाकर्त्यांच्या इथं मालक तोच आहे, फक्त त्यांच्यापुरता अदृश्य व्हायचं म्हणतोय.

---

संपादक | १४ जून, सकाळी १०:०५

कंपनीचं नाव ओळखण्याचा खेळ थांबवावा. तीन प्रतिसाद उडवले आहेत. सांबारवडीला दही चांगलं की कढी, हा वादही वेगळ्या धाग्यावर न्यावा.

---

तर्रीबाज | १४ जून, सकाळी १०:०९

कढी. आता जातो.

---

हिंगणारोड | २९ जून २०२४, रात्री ११:२०

अपडेट द्यायला उशीर झाला, माफी.

३४ पैकी २३ जणांनी सही केली. कोणाला नावं ठेवायची नाहीत. एकाच्या पोरीची फी होती, एकाच्या बापाचं ऑपरेशन. एकजण म्हणाला, मला वाचता येत नाही तर अकरा वर्षं कोर्टात काय करू. आम्ही ११ राहिलो. पत्र दिलं, गेटवर घेतलं नाही, मग सीताबर्डीच्या पोस्टातून रजिस्टर एडी केलं. पोचपावती आली त्या दिवशी बायकोनं ती देवघरात ठेवली.

ईएसआयसीच्या प्रिंटा काढल्या. मागच्या बारा महिन्यांत माझे २९८ दिवस निघाले. माझा मलाच विश्वास बसेना.

आज सुपरवायझर म्हणाला, सोमवारपासून गेटवर तुमचं नाव नसेल. लेखी द्या म्हटलं, तर गप्प.

---

जुना_मिलवाला | २९ जून २०२४, रात्री ११:४५

सोमवारी जा. डबा घेऊन जा. अकराही जण जा. गेटवर मोबाइलमध्ये फोटो काढा, वेळ दिसेल असा.

---

काळाकोट_सिव्हिललाईन्स | ३० जून २०२४, सकाळी ८:१५

काका बरोबर सांगतात. आणि आत घेतलं नाही तर त्याच दिवशी कामगार आयुक्तांकडे अर्ज. ९० दिवस त्या तारखेपासून मोजायचे. ईएसआयसीच्या शाखेतही जा, नोकरी गेलेल्या विमाधारकाला आयुष्यात एकदा, जास्तीत जास्त ९० दिवसांसाठी सरासरी कमाईच्या निम्मी रक्कम मिळायची योजना आहे. आतापर्यंतच्या वर्गणीच्या अटी लागतात, विचारून घ्या.

---

चिखलीकर_नागपुरात | १४ डिसेंबर २०२५, सकाळी १०:३०

दीड वर्षं जुना धागा वर काढतोय, क्षमस्व. आमच्याकडे अगदी हेच सुरू झालं आहे, समोशासकट. हिंगणारोड, पुढे काय झालं?

आणि २१ नोव्हेंबरपासून चारही नवे श्रमसंहिता कायदे लागू झाले म्हणतात, मग वरचं सगळं रद्द का?

---

काळाकोट_सिव्हिललाईन्स | १४ डिसेंबर २०२५, दुपारी १२:१५

१९४७ चा कायदा गेला, त्याच्या जागी औद्योगिक संबंध संहिता. पण एक महिन्याची नोटीस आणि वर्षाला पंधरा दिवस, हा सांगाडा तसाच उचलून तिकडे ठेवला आहे. वर एक भर, काढलेल्या कामगारासाठी मालकानं आणखी पंधरा दिवसांचा पगार पुनर्कौशल्य निधीत भरायचा, तो कामगाराच्या खात्यात जातो. हिशेब दोन कामाच्या दिवसांत चुकता करायचा. उलट्या बाजूला, कपातीआधी सरकारची परवानगी लागायची ती मर्यादा १०० वरून ३०० कामगारांवर गेली. हिंगण्या-बुटीबोरीतले किती कारखाने ३०० च्या वर आहेत ते मोजून बघा, बोटं उरतील.

ठरावीक मुदतीच्या करारावर असाल तर ग्रॅच्युइटीला पाच वर्षं नकोत, एक वर्ष पुरे. नियम अजून अंतिम व्हायचे आहेत, तोवर प्रत्येक कार्यालय आपापला अर्थ लावणार. राजीनाम्याचं मात्र जुनंच. स्वतः सोडलं तर कपात नाही.

---

हिंगणारोड | १४ डिसेंबर २०२५, रात्री ९:५०

चिखलीकर भाऊ, सांगतो.

सोमवारी ११ जण डबे घेऊन गेलो. आत घेतलं नाही. फोटो काढले. दुपारी सिव्हिल लाईन्सला अर्ज. समेटाच्या पाच तारखा झाल्या. पहिल्या दोनला कंपनीकडून कोणी आलंच नाही. तिसरीला सल्लागार आला आणि म्हणाला, हे आमचे कामगारच नाहीत. अधिकारी मॅडमनी ईएसआयसीची प्रिंट त्याच्यासमोर ठेवली आणि विचारलं, मग ही वर्गणी कोणी भरली, मी? तो एक क्षण मी आयुष्यभर विसरणार नाही.

पाचव्या तारखेला नोटिशीचा पगार, भरपाई आणि ग्रॅच्युइटी द्यायला तयार झाले. नऊ जणांनी लेखी तडजोड केली. मीही केली. एक लाख सात हजार चारशे आणि रजेचे सहा हजार वेगळे. काळाकोट सरांचा आकडा रुपयाला रुपया. फी विचारली तर म्हणाले, धाग्यावर पावती देता येत नाही.

परत कामावर घेतलं नाही. ती मागणी आम्ही सोडली, ते बोचतं अजून. चार महिने घरी होतो. आता वाडीकडं एका गोदामात आहे, एक वर्षाच्या करारावर. म्हणजे सर, माझं एक वर्ष पुढच्या महिन्यात भरतं. ग्रॅच्युइटी बसेल ना?

सही केलेल्या २३ पैकी १४ जण अजून तिथंच आहेत. कंत्राटदार एकदा बदलला. बाकीचे कुठं कुठं.

बाबा आता सगळ्यांना सांगतात की सही करू नको असं मीच म्हटलं होतं. बायको काही बोलत नाही, फक्त बघते.

---

बुटीबोरी_लोकल | १४ डिसेंबर २०२५, रात्री १०:०५

११ मधून ९ गेले. दोघं?

---

हिंगणारोड | १४ डिसेंबर २०२५, रात्री १०:२०

एक गावाला निघून गेला, काटोलकडं, शेती करतो. दुसऱ्यानं तडजोड नाकारली. म्हणाला, मला पैसे नको, मशीन पाहिजे. सगळ्यात जुना तोच होता, नऊ वर्षं. त्याचा खटला चालू आहे. पुढची तारीख १९ जानेवारी. मी सुट्टी टाकली आहे, साक्षीला जाणार.

---

तर्रीबाज | १४ डिसेंबर २०२५, रात्री १०:२४

कोर्ट सुटल्यावर तर्रीपोहे माझ्याकडून. दोघांनाही आण.